ड्रमर नसलेल्या बँडमधला बेस: सीकर्सच्या अ‍ॅथलची गोष्ट

तुझा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही चौघं ओव्या, गवळणी, कोळीगीतं दोन गिटार आणि बेसच्या साथीनं नव्यानं बसवता. तू बेस गिटार वाजवतेस आणि खालच्या पट्टीत गातेस. ड्रमर नाही. घरचे विचारतात, "बेस वाजवून पुढे काय करणार?" कार्यक्रम संपल्यावर लोक म्हणतात, "तुझं वाद्य ऐकूच आलं नाही." आणि डबल बेस, म्हणजे उभ्यानं वाजवायचं ते माणसाहून उंच लाकडी वाद्य, घ्यावा का, हेही तुला विचारायचं आहे.

मी गेली 32 वर्षं बेस वाजवतोय. गणपतीतल्या ऑर्केस्ट्रापासून सुरुवात केली, मग नाटकं, रेकॉर्डिंग, लग्नाचे हॉल, आणि गेली 15 वर्षं जास्त करून डबल बेस. माझ्या अनुभवातून उत्तर देता येईल, आणि पुढे देईनही. पण हुबेहूब तुझ्या जागेवर उभा राहिलेला एक माणूस मला माहीत आहे. त्याची कारकीर्द तू नीट बघावीस असं मला मनापासून वाटतं. त्याचं नाव अ‍ॅथल गाय. ऑस्ट्रेलियातल्या 'द सीकर्स' या बँडचा तो डबल बेस वादक.

सीकर्स म्हणजे चौघं. जुडिथ डरम मुख्य गायिका. कीथ पॉटगर बारा तारांची गिटार आणि बॅन्जो वाजवायचा. ब्रूस वूडली सहा तारांची गिटार. आणि मागे, काळ्या जाड फ्रेमचा चष्मा आणि सूट घालून, स्वतःपेक्षा उंच वाद्याला कवेत घेऊन उभा असलेला अ‍ॅथल. चौघंही गायचे, आणि सगळ्यांत खालचा आवाज अ‍ॅथलचा. बँडमध्ये ड्रमर नव्हताच. रेकॉर्डवर गरजेप्रमाणे इतर वादक यायचे, मोठ्या कार्यक्रमांत वाद्यवृंदही असायचा, पण बँड म्हणजे हे चौघंच. तुझ्या बँडची मांडणी पुन्हा एकदा डोळ्यांसमोर आण आणि पुढे वाच.

अ‍ॅथलचा जन्म 5 जानेवारी 1940 चा, व्हिक्टोरिया राज्यातल्या कोलॅक गावचा. तो, कीथ आणि ब्रूस तिघंही मेलबर्न हायस्कूलचे विद्यार्थी. शाळेनंतर हौशी गटांत गाणं चालू राहिलं आणि 1962 मध्ये सीकर्स उभा राहिला. तेव्हा चौथा गडी केन रे नावाचा गायक होता. अ‍ॅथल दिवसा जे. वॉल्टर थॉम्पसन या जाहिरात कंपनीत नोकरी करायचा. सोमवारी रात्री हे चौघं मेलबर्नच्या टूरॅक रोडवरच्या 'ट्रेबल क्लेफ' नावाच्या कॉफीच्या दुकानात गायचे. केन रे लग्न ठरल्यामुळे बाहेर पडला. त्याच सुमारास अ‍ॅथलच्या ऑफिसात सेक्रेटरी म्हणून एक मुलगी रुजू झाली. ती जॅझ बँडबरोबर गायची. अ‍ॅथलनं तिला आमच्याबरोबर गायला येतेस का म्हणून विचारलं. ती जुडिथ.

या गोष्टीकडे मी तुझं लक्ष मुद्दाम वेधतोय. त्या बँडला त्याचा आवाज मिळाला तो बेस वाजवणाऱ्याच्या कानामुळे. मागे उभा राहणारा माणूस सगळ्यांचं ऐकत असतो. आपल्यात कुठला स्वर कमी पडतोय हे त्याला आधी कळतं. माझ्या ओळखीचे जेवढे चांगले बेसवाले आहेत, त्यांतले निम्मे तरी आपापल्या ग्रुपचं नियोजन बघतात. तारखा, गाडी, साउंडवाल्याशी बोलणं, कुणाचं कुणाशी बिनसलं तर मध्ये पडणं. अ‍ॅथलही मंचावर निवेदन करायचा, गाण्यांची ओळख करून द्यायचा. जाहिरात कंपनीतला माणूस, लोकांपुढे काय आणि कसं मांडायचं हे त्याला ठाऊक होतं.

1964 मध्ये त्यांना 'फेअरस्काय' या प्रवासी जहाजावर गाण्याचं काम मिळालं. प्रवाशांपुढे गात गात चौघं मे महिन्यात इंग्लंडला पोचले. दहा आठवडे राहून परतायचं असा बेत होता. पण लंडनच्या ग्रेड या मोठ्या एजन्सीनं त्यांना कामं द्यायला सुरुवात केली. अशाच एका कार्यक्रमात मुख्य नाव डस्टी स्प्रिंगफील्ड या ब्रिटिश गायिकेचं होतं. तिचा भाऊ टॉम स्प्रिंगफील्ड गीतकार आणि संगीतकार. भाऊबहिणीचा स्वतःचा लोकगीतांचा गट नुकताच, 1963 मध्ये, बंद पडला होता. टॉमनं सीकर्ससाठी 'आय'ल नेव्हर फाइंड अनदर यू' हे गाणं लिहिलं. फेब्रुवारी 1965 मध्ये ते ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये 'द कार्निव्हल इज ओव्हर' पुन्हा पहिल्या क्रमांकावर. बीटल्स आणि रोलिंग स्टोन्स ऐन भरात होते तेव्हाची ही गोष्ट. 1967 च्या सुरुवातीला 'जॉर्जी गर्ल' अमेरिकेत बिलबोर्डच्या यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत पोचलं.

'कार्निव्हल'ची चाल मूळची रशियन. व्होल्गा नदीवरच्या स्टेंका राझिन या बंडखोराचं लोकगीत. टॉमनं त्यावर नवे इंग्रजी शब्द लिहिले, चौघांनी ती चार आवाजांत मांडली, आणि ब्रिटनमध्ये त्या रेकॉर्डच्या दहा लाखांहून जास्त प्रती खपल्या. लोकसंगीताची चाल, आजचे शब्द, सोपी साथ आणि एकत्र गाणारे आवाज: फोक-पॉप म्हणजे हेच. तुम्ही ओवीचं जे करताय ते याच घरातलं आहे.

आता तुझ्या पोटात गोळा आणणाऱ्या प्रश्नाकडे येतो. बेस ऐकूच येत नाही.

याची दोन कारणं आहेत. पहिलं साधं भौतिकशास्त्र. बेसची सगळ्यांत जाड तार, ई, मोकळी छेडली तर सेकंदाला सुमारे 41 कंपनं होतात. मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरला हवा एवढी हलवताच येत नाही. मोबाइलवर आपल्याला ऐकू येतात ते त्या स्वरातले वरचे अंश, आणि मूळ स्वर आपला मेंदू त्यावरून भरून काढतो. म्हणजे तुमचा व्हिडिओ मोबाइलवर बघून कुणी "बेस नाही" म्हटलं, तर तो दोष तुझ्या बोटांचा नाही. हेडफोन लाव, नाहीतर घरातल्या जुन्या म्युझिक सिस्टीमवर ऐक.

दुसरं कारण बँडच्या मांडणीत असतं, आणि इथे सीकर्सकडून शिकण्यासारखं खूप आहे. कीथची गिटार बारा तारांची. त्या गिटारीत खालच्या चार जोड्यांमधली एक-एक तार वरच्या सप्तकात लावलेली असते, त्यामुळे तिचा आवाज चमचमतो, घुंगरांसारखा वर पसरतो. तो वर पसरला की खाली जागा मोकळी होते, आणि त्या मोकळ्या जागेत अ‍ॅथलचा बेस. तुमच्याकडे दोन्ही गिटारवाले सहाही तारा जोरजोरात झोडत असतील, तर तुझ्या स्वराच्या जागेवर आधीच दोन माणसं बसलेली आहेत. एकाला कॅपो, म्हणजे सगळ्या तारा एकदम दाबून धरणारा चिमटा, लावून वरच्या फ्रेटवर (दांडीवरच्या धातूच्या पट्ट्यांवर) जायला सांग. दुसऱ्याला खालच्या दोन तारा सोडून वाजवायला सांग. साउंडवाल्याला दोन्ही गिटारींचा खालचा भाग कमी करायला सांग. पहिल्याच तालमीत फरक कळेल.

पण खरी गोष्ट याच्याही पुढची आहे. ड्रमर नसतो तेव्हा बेस दोन माणसांचं काम करतो. स्वर द्यायचा आणि ठेकाही धरायचा. आपल्या भाषेत सांगायचं तर तानपुरा आणि डग्गा दोन्ही तूच. समेवर षड्ज, मध्यावर पंचम, हा सगळ्यांत जुना आणि सगळ्यांत टिकाऊ साचा. केहरव्यात पहिल्या आणि पाचव्या मात्रेवर, दादऱ्यात पहिल्या आणि चौथ्या मात्रेवर. ऐकायला बाळबोध वाटतं. हेच सबंध कार्यक्रमभर, लय न हलवता, समोर टाळ्या वाजत असताना, गायिका भावनेच्या भरात पुढे पळत असताना वाजवून बघ.

आणि यातली सगळ्यांत महत्त्वाची बाब कुणी सांगत नाही: स्वर कधी सुरू करायचा याइतकंच तो कधी थांबवायचा हे ठरवावं लागतं. ड्रम असले की स्वराची शेपूट ड्रमच्या आवाजात लपते. ड्रम नसले की ती उघडी पडते. तार छेडल्यावर डावा हात जरासा सैल केलास की स्वर मिटतो. तो पुढच्या मात्रेच्या ऐन आधी मिटला तर गाणं उड्या मारतं. तसाच वाहू दिला तर गाणं नदीसारखं संथ होतं. तेच दोन स्वर, तीच गती, आणि गाण्याचा स्वभाव बदलतो. मला हे माझ्या गोवेकर सरांनी शिकवलं. मुंबईच्या सिनेसंगीताच्या स्टुडिओंत डबल बेस वाजवणारे बरेचसे गोव्याचे होते, सरही त्यांतलेच. ते माझ्या डाव्या मनगटावर दोन बोटं ठेवून उभे राहायचे आणि मी स्वर लांबवला की हळूच दाबायचे. तीन महिने फक्त सा आणि प. तेव्हा मला फार कंटाळा यायचा. आज मी जे काही कमावतो ते त्या तीन महिन्यांवर.

सीकर्सच्या कार्यक्रमांचं जुनं चित्रण आहे. लंडनच्या 'टॉक ऑफ द टाउन' या नाइटक्लबमधलं 1968 चं ध्वनिमुद्रणही आहे. ते एकदा गाणं म्हणून ऐक. मग पुन्हा लाव आणि जुडिथकडे दुर्लक्ष कर, जे फार अवघड आहे कारण तो आवाज तसा आहे. फक्त खालचं ऐक. बघ किती कमी स्वर आहेत. कुठे करामत नाही, कुठे धावपळ नाही. एका ओळीतून दुसऱ्या ओळीत जाताना दोन-तीन पायऱ्या चढून जातो, तेवढंच. पण ते स्वर मनातल्या मनात काढून टाक, मग चौघांचे आवाज अधांतरी लटकल्यासारखे वाटतील. हे मला वाटतं तसं मी सांगतोय: अ‍ॅथल तंत्रात फार मोठा वादक म्हणून कुणी नाव घेत नाही, आणि त्याच्या कामाला तेवढ्या तंत्राची गरजही नव्हती. त्या गाण्यांना जेवढं हवं होतं तेवढं, जिथे हवं तिथे तो देत राहिला. मी स्वतः कितीतरी वर्षं जास्त वाजवून गाणी बिघडवली आहेत, म्हणून मला याची किंमत कळते.

त्यात तो गायचाही. हे तुझंही काम आहे, म्हणून जरा थांबतो. गिटार वाजवत गाणं तुलनेनं सोपं, कारण गिटारचा हात एकाच चक्रात फिरतो. बेसचा हात वेगळ्या स्वरांवर, वेगळ्या मात्रांवर पडतो आणि गळा त्याच वेळी तिसऱ्याच स्वरावर असतो. शिवाय दोन्ही खालच्या पट्टीत, त्यामुळे कान गोंधळतो. मी विद्यार्थ्यांना असं करायला लावतो: आधी बेसची ओळ वाजवत मोठ्यानं मात्रा मोजायच्या. त्या हलेनाशा झाल्या की मात्रांच्या जागी गाण्याचे शब्द नुसते बोलायचे, सूर न लावता. बोलताना हात अडखळेल. जिथे अडखळेल तो शब्द आणि तो स्वर कागदावर एकमेकांखाली लिहायचा. बहुतेक वेळा गाण्यात अशा तीन-चारच जागा निघतात. तेवढ्या पन्नास वेळा घोटायच्या. मग सूर लावायचा. ओवी बसवताना तर आणखी एक कर. ओवीला जात्याचा फेरा हाच ठेका असतो. हात खुंटा ओढतो तिथे जोर आणि पुढे ढकलतो तिथे सैल. घरात कुणी जात्यावर दळलेलं असेल तर त्यांच्यासमोर बसून तो फेरा हातानं करून दाखवायला सांग. तुझा सा कुठे पडायला हवा ते त्यांचा खांदा सांगेल.

आता कारकिर्दीचं बोलतो, कारण घरच्यांना तेच ऐकायचं आहे.

12 मार्च 1967 ला मेलबर्नच्या मूम्बा उत्सवात सीकर्स मायर म्युझिक बोल या खुल्या रंगमंचावर गायले. गर्दीचा अंदाज दोन लाखांच्या वर. शहरातल्या दर दहा माणसांतला एक तिथे होता असं म्हणतात. ट्रेबल क्लेफच्या सोमवारनंतर पाच वर्षंही झाली नव्हती. 1967 साठीचा 'ऑस्ट्रेलियन ऑफ द इयर' हा मान चौघांना मिळून दिला गेला. आणि मग 1968 च्या फेब्रुवारीत, न्यूझीलंडच्या दौऱ्यावर असताना, जुडिथनं आपण बाहेर पडणार हे सांगितलं. जुलै 1968 मध्ये बँड थांबला. अ‍ॅथल तेव्हा 28 वर्षांचा होता.

28. जगात नाव झालेलं आणि हातातलं काम संपलेलं. गायिका एकटी गाऊ शकते, जुडिथ गायलीच. ब्रूस गाणी लिहायचा, अमेरिकन गायक-गीतकार पॉल सायमनबरोबरही त्यानं लिहिलं होतं. कीथनं पुढे न्यू सीकर्स उभे केले. डबल बेस घेऊन एकटा माणूस कुठे जाणार? हा प्रश्न प्रत्येक बेस वाजवणाऱ्यापुढे केव्हा तरी येतो. माझ्यापुढे 2009 मध्ये आला होता. ज्या ग्रुपबरोबर मी 11 वर्षं होतो त्यानं एका फोनवर बेसच्या जागी कीबोर्ड घेतला आणि माझा मागचा हिशेबही बाकी ठेवला. त्या वर्षी मी सकाळी एका शाळेत गिटार शिकवायचो आणि संध्याकाळी घरी बसायचो. तेव्हा अ‍ॅथलची पुढची वाट मी पहिल्यांदा नीट वाचली.

तो मायदेशी परतला. टीव्हीवर स्वतःच्या नावाचा कार्यक्रम केला. 1971 मध्ये लिबरल पक्षातर्फे गिसबोर्न मतदारसंघातून निवडून येऊन व्हिक्टोरियाच्या विधानसभेत आमदार झाला आणि 1979 पर्यंत राहिला. मजा बघ, मध्येच 1975 मध्ये नवी गायिका घेऊन सीकर्स पुन्हा उभे राहिले तर हा आमदार पुन्हा बेस घेऊन त्यांच्यात उभा. राजकारण सुटल्यावर व्यवसायात सल्लागार म्हणून काम केलं. बेस हे त्याचं एकमेव पोट भरण्याचं साधन फार थोडी वर्षं होतं, 1964 ते 1968. बाकी सगळा काळ त्याच्याकडे दुसरं काहीतरी होतं आणि बेसही होता.

मग 1993 मध्ये मूळचे चौघं पंचवीस वर्षांनी पुन्हा एकत्र आले. 1990 मध्ये जुडिथला मोटार अपघातात मोठी दुखापत झाली होती. तेव्हा चाहत्यांचं जे प्रेम दिसलं त्यातून हे जुळून आलं. पुनर्मीलनाच्या दौऱ्याला लोकांनी गर्दी केली. 1995 मध्ये ऑस्ट्रेलियन संगीतक्षेत्राच्या आरिया हॉल ऑफ फेममध्ये त्यांचा समावेश झाला. 2013 मध्ये पन्नाशीचा दौरा सुरू झाला आणि मे महिन्यात जुडिथच्या मेंदूत रक्तस्राव झाला. दौरा थांबला. ती बरी झाली, वाचायला-लिहायला पुन्हा शिकली, आणि दौरा पुढे नेला. 2014 मध्ये ते लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये गायले. अ‍ॅथल 74 वर्षांचा होता. सहा फुटी वाद्य, उभ्यानं, आणि वर खालचा आवाज. त्याच वर्षी चौघांना 'ऑफिसर ऑफ द ऑर्डर ऑफ ऑस्ट्रेलिया' हा किताब मिळाला. जुडिथ 5 ऑगस्ट 2022 ला गेली.

74 व्या वर्षी डबल बेस वाजवणं म्हणजे काय हे ज्यानं वाजवलंय त्यालाच कळेल. बेस गिटारला तारेची मोकळी लांबी साधारण 86 सेंटीमीटर, डबल बेसला 105 च्या आसपास. अगदी वरच्या टोकाला एका स्वराहून लगेचच्या पुढच्या स्वरावर जायला बेस गिटारवर पावणेपाच सेंटीमीटर लागतात, डबल बेसवर जवळपास सहा. फ्रेट नाही, बोट कुठे टेकवायचं ते कानानं ठरवायचं. त्या टोकाला चार बोटांनी चार स्वर घेता येत नाहीत, म्हणून पहिलं, दुसरं आणि करंगळी एवढ्यांतच काम चालवतात, अनामिका करंगळीला टेकू देते. उजव्या हातानं तार नखाजवळच्या टोकानं न छेडता बोटाच्या कडेनं, दंडापासूनचं वजन टाकून ओढावी लागते. पहिल्या महिन्यात फोड येतात, दुसऱ्या महिन्यात फुटतात, तिसऱ्यात कातडी जाड होते.

तर तू डबल बेस घ्यावा का? तुमच्या गाण्यांना तो शोभेल, यात शंका नाही. स्वर पटकन फुगून लवकर विरतो, म्हणून त्यात आपोआप डग्ग्याचा गुण येतो. पण आत्ता घेऊ नकोस. आधी वर्षभर एखाद्याकडे शिक, त्याच्याच वाद्यावर. घ्यायची वेळ आली की पहिलं वाद्य प्लायवुडचं घे. पूर्ण कोरीव लाकडाचा बेस दिसायला देखणा, आवाजाला गोड, पण आपल्या पावसाळ्यात लाकूड फुगतं, उन्हाळ्यात आकसतं आणि सरसानं चिकटवलेले जोड उकलतात. माझ्या पहिल्या बेसचा जोड जुलैत सुटला तेव्हा मी तो मालडब्यातून दादरला दुरुस्तीला नेला. घोंगडीत गुंडाळलेला, कमरेला दोरी. भाजीच्या टोपल्यांमध्ये तो उभा होता, आणि एक मावशी सबंध प्रवासभर त्याला हातानं धरून उभ्या राहिल्या, पडू नये म्हणून. वाद्य घेतानाच घोडीची, म्हणजे तारा ज्यावर टेकतात त्या लाकडी आधाराची, उंची कुणा जाणत्याकडून बघून घे. तारा फार वर असतील तर महिन्याभरात मनगट दुखावेल. तोवर तुझ्या बेस गिटारला फ्लॅटवाउंड, म्हणजे गुळगुळीत वेढ्याच्या, तारा लाव आणि घोडीजवळ तारांखाली स्पंजची बारीक पट्टी सरकव. आवाज पुष्कळ जवळ जातो.

पैशांचं एकच सांगतो, कारण ते बेसवाल्यांना सगळ्यांत उशिरा कळतं. आपल्याकडे आयपीआरएस या गाण्यांच्या हक्कांचे पैसे गोळा करणाऱ्या संस्थेकडून मिळणारा पैसा गीतकार, संगीतकार आणि प्रकाशकांना मिळतो. गाण्यावर ज्याचं नाव त्याला. 'कार्निव्हल'ची चाल व्होल्गाकाठची, तरी त्या गाण्यावर नाव टॉम स्प्रिंगफील्डचं आहे. तुमच्या ओव्यांवर "पारंपरिक" असं लिहून पुढे संगीत कुणाचं लिहिणार हे चौघांनी बसून रेकॉर्डिंगच्या आधी कागदावर लिहा. चाल उभी करण्यात तुझ्या बेसच्या ओळीचा वाटा असेल तर तुझं नाव त्यात हवं, आणि ते तूच बोलून दाखवायला हवं. मैत्री आहे म्हणून टाळू नकोस. मैत्री आहे तोवरच हे शांतपणे बोलता येतं. कार्यक्रमाचे पैसे चार समान वाट्यांत, गाडीचं भाडं आधी काढून.

घरच्यांना अ‍ॅथलबद्दल सांग. नोकरी किंवा शिक्षण चालू ठेव. ठरलेल्या एका वारी तालीम, कुणी आलं नाही तरी. सीकर्सचा सोमवार होता, तुमचा जो असेल तो. तालमीत पहिली दहा मिनिटं गिटारवाल्यांना हात बांधून बसव आणि फक्त तुझा बेस आणि चौघांचे आवाज, एवढ्यावर एक ओवी सबंध म्हणा. जिथे कुणाचा सूर घसरेल तिथे थांबा, तुझा सा लांब धर आणि त्यावर सगळ्यांना पुन्हा उभं कर. हे दोन महिने करून बघ आणि मग एक रेकॉर्डिंग मला पाठव. मोबाइलवर केलंस तरी चालेल, मी हेडफोन लावून ऐकेन.